तीन भाषा, एक व्याकरण आणि दोन बुडालेली जहाजं

प्रशांत महासागरात, सॉलोमन बेटांच्या पार पूर्वेच्या टोकाला तेमोतु नावाचा प्रांत आहे. त्यातलं एक बेट वानिकोरो. क्षेत्रफळ आजूबाजूची छोटी बेटं धरून साधारण १९० चौरस किलोमीटर, मधोमध ९२४ मीटर उंचीचा डोंगर, भोवती प्रवाळाचं कडं, धो-धो पाऊस आणि हिवताप. १९९९ साली इथे १,२९३ माणसं होती. आपल्याकडे एवढी माणसं एखाद्या लग्नात दोन पंगतींत जेवून उठतात. पण एवढ्याशा लोकसंख्येच्या या बेटाला स्वतःच्या अशा तीन भाषा आहेत: ईशान्येकडची तेआनू, वायव्येकडची लोवोनो आणि दक्षिणेकडची तानेमा. त्यात दक्षिण किनाऱ्यावर टिकोपिया बेटावरून येऊन वसलेले लोक आपली चौथी भाषा बोलतात. बाहेरच्यांशी व्यवहार करायला सॉलोमन बेटांची पिजिन आहेच.

या बेटाबद्दल आपल्याकडे फारसं कुणी लिहिलेलं नाही. खरं तर त्याच्या गोष्टीत कोलकाता आहे, एक हिंदुस्थानी खलाशी आहे आणि थेट सांगली जिल्ह्यापर्यंत पोचणारा एक धागाही आहे.

शब्द परके, वाक्य सख्खं

आधी भाषेकडे वळू, कारण खरी गंमत तिथेच आहे. ‘आम्ही आमच्या मळ्यात होतो’ हे साधं वाक्य वानिकोरोच्या तीन भाषांत असं होतं:

तेआनू: पि-ते ने सेकेले इउपा.
लोवोनो: नुपे-लु ने आमेनोंगा इएमितोरे.
तानेमा: तेइ-ओ इनि वासांगोला आकेगामुतो.

मोठ्याने वाचून बघा. ‘सेकेले’, ‘आमेनोंगा’, ‘वासांगोला’. तिन्हींचा अर्थ मळा, आणि एकाचा दुसऱ्याशी काडीचा संबंध लागत नाही. ‘आमचा’ या अर्थाचे शब्द बघा: ‘इउपा’, ‘इएमितोरे’, ‘आकेगामुतो’. कानाला या तीन वेगळ्या देशांतल्या भाषा वाटाव्यात. आता शब्द बाजूला ठेवा आणि नुसती रचना बघा. पहिल्या जागी क्रियापद, आणि त्याला पुढून चिकटलेलं ‘आम्ही’. मग ‘आत’ या अर्थाचा छोटासा शब्द. मग मळा. मग ‘आमचा’. तिन्ही भाषांत हाच क्रम, तेवढेच तुकडे, प्रत्येक तुकड्याचं कामही तेच. एका भाषेतला शब्द उचलायचा आणि त्या जागी दुसऱ्या भाषेतला ठेवायचा, की भाषांतर तयार.

हे सविस्तर मांडलं ते अलेक्झांद्र फ्रांस्वा या फ्रेंच भाषाशास्त्रज्ञाने. २००५ साली एका शोधमोहिमेबरोबर ते वानिकोरोला गेले. (ती मोहीम कशासाठी होती ते पुढे येईलच.) त्यांनी २००९ साली प्रसिद्ध केलेल्या लेखाच्या शीर्षकातच निष्कर्ष सांगून टाकला: तीन शब्दसंग्रह आणि एक व्याकरण.

तिन्ही भाषा मुळात एकाच आजीच्या नाती आहेत, त्यामुळे रचना सारखी असण्यात नवल काय, असं कुणीही विचारील. नवल असं की भाषा एकमेकींपासून दुरावतात तेव्हा शब्द आणि व्याकरण दोन्ही थोडंथोडं बदलत जातं. इथे शब्द तर ओळखीपलीकडे गेले आणि व्याकरण मात्र हातात हात घालून चाललं. असं होण्यामागे माणसांच्या वागण्याचं कारण असतं. वानिकोरोचे तीन गट एकमेकांत लग्नं करत होते आणि एकमेकांच्या भाषा बोलत होते. दोन-तीन भाषा रोज बोलणाऱ्या माणसाच्या डोक्यात विचाराची घडण एकच होत जाते. पण ‘आम्ही लोवोनोचे’, ‘आम्ही तानेमाचे’ ही ओळख कुणालाच सोडायची नव्हती. ती ओळख शब्दांत राहिली. शब्द ऐकू येतो आणि माणूस कुठला ते लगेच सांगतो. वाक्याची घडण तशी चटकन लक्षात येत नाही, म्हणून तिच्यावर कुणी पहारा ठेवत नाही.

आता सांगलीला या

हे वाचून सीमाभागातल्या मंडळींना काही आठवलं असेल, तर ते बरोबर आहे. सांगलीजवळचं कुपवाड, जे आता सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेत आहे, ते जगभरच्या भाषाशास्त्राच्या वर्गांत शिकवलं जातं. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी १९७१ साली या गावावर एक शोधनिबंध प्रसिद्ध केला. तेव्हा कुपवाड साधारण तीन हजार वस्तीचं गाव होतं. जैन आणि लिंगायत घरांत कानडी, मुसलमान घरांत उर्दू, बाकी अनेकांच्या घरी मराठी, शिवाय थोडी तेलुगू. गावचा सगळा व्यवहार मराठीत.

त्या निबंधातलं एक वाक्य आज जगभरच्या पाठ्यपुस्तकांत सापडतं. मराठीत: ‘पाला जरा कापून घेऊन आलो.’ कुपवाडच्या उर्दूत: ‘पाला जरा काट के ले के आया.’ कुपवाडच्या कानडीतही क्रम तोच: पाला, जरा, कापून, घेऊन, आलो. ‘जरा’ तर तिन्हींत जसाच्या तसा! मराठी आणि उर्दू एका कुळातल्या आणि कानडी संपूर्ण वेगळ्या, द्राविड कुळातली. तरीही कुपवाडच्या चौकात तिन्ही भाषांची वाक्यं एकाच साच्यातून निघू लागली होती. शेजाऱ्याशी बोलताना शब्द बदलायचे, विचार बदलावा लागत नाही.

वानिकोरो आणि कुपवाड यांच्यात निम्मा महासागर आहे. एकीकडे सुरण-अळूचे मळे, दुसरीकडे ज्वारी. तरी माणसांनी एकच तोडगा काढला: घरात आपले शब्द, डोक्यात सगळ्यांचं व्याकरण. मला हे भाषाशास्त्रातलं सगळ्यात माणुसकीचं संशोधन वाटतं. एकत्र राहायचं तर एकसारखं व्हावं लागतं, अशी समजूत सगळीकडे आहे. या दोन ठिकाणांनी ती खोटी ठरवली. तीही कुणी सांगितलं म्हणून नव्हे, रोजच्या बाजारहाटातून.

कुळ किती मोठं?

वानिकोरोच्या भाषा ऑस्ट्रोनेशियन कुळातल्या. या कुळात बाराशेहून जास्त भाषा आहेत. पश्चिमेला आफ्रिकेजवळचं मादागास्कर, पूर्वेला दक्षिण अमेरिकेच्या दिशेचं ईस्टर बेट, उत्तरेला तैवान, दक्षिणेला न्यूझीलंड, एवढा पसारा. दर्यावर्दी लोकांनी होड्यांतून हे कुळ पसरवलं आणि त्याची सुरुवात तैवानात झाली, असं बहुतेक अभ्यासक मानतात. मादागास्करच्या भाषेची सर्वांत जवळची नातेवाईक बोर्निओत सापडते, म्हणजे मध्ये अख्खा हिंदी महासागर.

या कुळात ‘लिमा’ किंवा त्याच्या जवळचा शब्द कितीतरी ठिकाणी ‘पाच’ या अर्थी येतो आणि अनेक भाषांत ‘हात’ या अर्थीही. हाताला बोटं पाच, हिशेब सरळ. ‘माता’ म्हणजे डोळा, हेही हजारो मैलांवर सारखंच ऐकू येतं. तेमोतु प्रांतातल्या भाषांत मात्र जुने शब्द इतके झिजले आणि बदलले की तिथल्या काही भाषा या कुळातल्या आहेत की नाहीत, यावरच वाद पेटला. वानिकोरोच्या शेजारी रीफ बेटांवर आयवो नावाची भाषा आहे. स्टीफन वुर्म यांच्यासारखे जाणकार ती मुळात पापुअन, म्हणजे ऑस्ट्रोनेशियन नसलेली, मानत. माल्कम रॉस आणि ओशिल नेस यांनी २००७ साली पुरावे मांडले, की ही भाषा मुळातूनच ऑस्ट्रोनेशियन आहे, फक्त ध्वनी बदलून बदलून तिचा चेहरा पालटला आहे. मग त्यांनी रीफ, सांताक्रूझ, उटुपुआ आणि वानिकोरो या सगळ्यांची मिळून एक स्वतंत्र शाखा सुचवली. नाव अर्थातच तेमोतु.

‘आपण’ आणि ‘आम्ही’ची कुस्ती

इंग्रजी शिकलेल्या मराठी माणसाला ‘आपण’ आणि ‘आम्ही’ दोन्हींसाठी एकच शब्द वापरताना कधीतरी अडखळायला होतंच. समोरच्याला धरून बोलायचं की वगळून, हे मराठीत सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. वानिकोरोच्या भाषा आपल्यासारख्याच काटेकोर आहेत, किंबहुना एक पाऊल पुढे. तिथे दोघांसाठी वेगळी रूपं आणि दोघांहून जास्तांसाठी वेगळी. म्हणजे ‘तू आणि मी’, ‘मी आणि तो, तू नाहीस’, ‘आपण सगळे’ आणि ‘आम्ही सगळे, तुम्ही सोडून’ अशी चार रूपं झाली. वर मळ्याच्या वाक्यात जे ‘इउपा’ आलं, ते ‘आमच्या’, ‘आपल्या’ नव्हे. तो मळा ऐकणाऱ्याचा नाही, हे त्या एका शब्दात ठरून गेलं.

शेजारच्या टिकोपियावर मानवशास्त्रज्ञ रेमंड फर्थ १९२८-२९ साली राहिले आणि १९३६ साली त्यांचा गाजलेला ग्रंथ आला. त्याच्या नावाचा अर्थ ‘आम्ही टिकोपियावासी’. हे शब्द बेटावरच्या लोकांच्या तोंडी सतत असत, आणि त्यातलं ‘मातौ’ हे समोरच्याला वगळणारं रूप आहे. इंग्रजी शीर्षकात तो फरक दिसूच शकत नाही. मराठीत भाषांतर करणाऱ्याला मात्र ‘आम्ही’ लिहिताना क्षणभरही विचार करावा लागणार नाही.

याच मोठ्या गोतावळ्यातल्या फिजीच्या भाषेत नारळ नुसता ‘माझा’ असून चालत नाही. माझा खायचा नारळ वेगळा, माझा प्यायचा वेगळा आणि नुसता मालकीचा वेगळा. ‘माझा’ या एका शब्दाला तीन रूपं आहेत. शहाळेवाल्याला तुम्ही पाणीवालं हवंय की मलईवालं ते सांगता, तो फरक तिथे व्याकरणातच बसवलेला आहे.

रशियन येत होतं म्हणून वाचला!

आता जहाजांची गोष्ट. ऑगस्ट १७८५ मध्ये फ्रान्सच्या ब्रेस्ट बंदरातून ‘बूसोल’ आणि ‘अस्त्रोलाब’ ही दोन जहाजं निघाली. कप्तान ला पेरूज. सोळाव्या लुईने पाठवलेली ही जगप्रदक्षिणेची मोहीम होती आणि जहाजांवर दोनशेहून जास्त माणसं होती. जानेवारी १७८८ मध्ये जहाजं ऑस्ट्रेलियाच्या बॉटनी बे येथे पोचली, मार्चमध्ये तिथून निघाली आणि नाहीशी झाली. सांगतात की जानेवारी १७९३ मध्ये गिलोटिनकडे जाताना राजाने विचारलं, ला पेरूजची काही खबर? ही आख्यायिकाच असेल, पण फ्रान्सला या जहाजांची केवढी रुखरुख लागली होती ते त्यातून कळतं. ला पेरूजच्या शोधावर निघालेला दांत्रकास्तो त्याच वर्षी मे महिन्यात वानिकोरोच्या जवळून गेला, त्याने लांबून बेट पाहिलं, आपल्या ‘रशर्श’ जहाजाचं नाव त्याला दिलं, पण उतरला नाही. फ्रेंचमध्ये त्या नावाचा अर्थ ‘शोध’. नाव शोधाचं दिलं आणि शोध तिथेच हुकला!

मोहिमेतला एक माणूस मात्र सुखरूप घरी पोचला होता: बार्तेलेमी द लेसेप्स, रशियन भाषेचा दुभाषी. सप्टेंबर १७८७ मध्ये जहाजं कामचात्काला थांबली, तेव्हा ला पेरूजने मोहिमेची कागदपत्रं त्याच्या हाती दिली आणि त्याला जमिनीवरून पॅरिसला धाडलं. रशियन येणारा तोच होता. अख्खा सायबेरिया ओलांडून तो फ्रान्सला पोचला. एक भाषा येत होती म्हणून त्याचा जीव वाचला. सुएझ कालवा खोदणाऱ्या फर्दिनांद द लेसेप्सचा हा काका.

जो नावाचा लश्कर

जहाजांचा पत्ता लागला तो कसा? इथे आपला माणूस येतो.

पीटर डिलन हा आयरिश वंशाचा व्यापारी कप्तान. १८१३ साली फिजीत झालेल्या एका रक्तरंजित चकमकीतून वाचलेल्या दोन माणसांना त्याने टिकोपियावर उतरवलं. एक प्रशियाचा मार्टिन बुशार्ट, दुसरा एक लश्कर, म्हणजे युरोपीय जहाजांवर काम करणारा हिंदुस्थानी खलाशी. डिलनने आपल्या लिखाणात त्याला ‘जो’ म्हटलं आहे. तेरा वर्षांनी, मे १८२६ मध्ये, डिलनचं जहाज पुन्हा टिकोपियाला लागलं. तेव्हा जो तिथलाच होऊन गेला होता, टिकोपियाची भाषा बोलत होता. त्याच्याजवळ चांदीची एक जुनी तलवारीची मूठ होती, ती त्याने जहाजावरच्या एकाला विकली. डिलनने ती हातात घेतली, तिच्यावर ला पेरूजच्या नावाची आद्याक्षरं दिसतायत असं त्याला वाटलं आणि चौकशी सुरू झाली. मूठ आली होती वानिकोरोहून. टिकोपियाचे लोक तिथे होडीने ये-जा करत आणि जोही तिथे जाऊन आला होता.

डिलन कोलकात्याला आला. ईस्ट इंडिया कंपनीच्या बंगाल सरकारने त्याला ‘रिसर्च’ नावाचं जहाज दिलं. जानेवारी १८२७ मध्ये तो निघाला आणि सप्टेंबरमध्ये वानिकोरोला पोचला. तिथे त्याला पितळी तोफा, जहाजाची घंटा, चांदीची भांडी सापडली. बेटावरच्या लोकांनी त्याला जे सांगितलं ते असं: एका वादळी रात्री दोन जहाजं प्रवाळावर आपटली, वाचलेल्या लोकांनी एक छोटी नाव बांधली, त्यातले बरेच जण तीत बसून निघून गेले. ती नाव पुढे कुणालाच दिसली नाही. डिलनने आणलेल्या वस्तू ओळखायला पॅरिसमध्ये म्हातारा लेसेप्स हजर होता. फ्रान्सच्या राजाने डिलनला मानाचा किताब आणि तनखा दिला.

जो याचं काय झालं ते इतिहासात ठळकपणे कुठे येत नाही. मला ते खटकतं. चाळीस वर्षं युरोपला न सुटलेलं कोडं सुटलं ते एका हिंदुस्थानी खलाशाने एक परकी भाषा आपलीशी केली म्हणून. पाठ्यपुस्तकात एखादी ओळ त्याच्या वाट्याला यायला हरकत नव्हती.

ज्यूल व्हर्नच्या १८७० सालच्या पाणबुडीच्या कादंबरीत कॅप्टन निमो आपली ‘नॉटिलस’ थेट वानिकोरोला नेतो आणि ला पेरूजच्या शेवटाचा उलगडा करतो. नंतरच्या एका कादंबरीत कळतं की निमो म्हणजे बुंदेलखंडचा राजपुत्र डक्कार. म्हणजे कल्पनेतही या बेटाचं कोडं सोडवणारा माणूस हिंदुस्थानीच निघाला.

लाल कापडाचा तुकडा

डिलननंतर पाचच महिन्यांनी, फेब्रुवारी १८२८ मध्ये, फ्रेंच कप्तान ड्यूमाँ द्युर्वील वानिकोरोला आला. त्याच्या जहाजाचं मूळ नाव ‘कोकी’ होतं. ला पेरूजच्या आठवणीसाठी त्याने ते बदलून ‘अस्त्रोलाब’ केलं होतं. बुडालेलं जहाज नेमकं कुठे आहे हे दाखवायला बेटावरचे लोक तयार नव्हते, खोटं-नाटं सांगून टाळत होते. शेवटी द्युर्वीलच्या एका अधिकाऱ्याने लाल कापडाचा तुकडा उघडून दाखवला: जागा दाखवेल त्याला हे. एक जण आनंदाने उडी मारून त्यांच्या होडीत चढला आणि त्यांना प्रवाळातल्या एका खिंडीशी घेऊन गेला. निवळ पाण्यात खाली नांगर, तोफा, शिशाचे पत्रे दिसत होते.

त्याच जहाजावर पॉल गेमार हा डॉक्टर होता. तो बेटावर काही दिवस मुक्कामाला राहिला, तापाने आजारी पडला, पण जाण्याआधी त्याने एक मोलाचं काम केलं. वानिकोरोच्या तिन्ही बोलींचे शब्द गोळा करून लिहून काढले. मोहिमेच्या अहवालात ती शब्दसूची छापली गेली. तिन्ही भाषांची ही सर्वांत जुनी नोंद. पावणेदोनशे वर्षांनी फ्रांस्वा तिथे गेले तेव्हा ही यादी त्यांच्या कामी आली.

आणि फ्रांस्वा तिथे गेले ते कशाच्या मोहिमेबरोबर? ला पेरूजच्याच! २००५ साली पाणबुड्यांना बेटाजवळ बुडालेल्या एका जहाजात सेक्स्टंट हे नौकानयनाचं उपकरण सापडलं आणि त्यावरून ते जहाज ‘बूसोल’ असल्याचं पक्कं झालं. पाण्याखाली जहाजाचा शोध चालला असताना किनाऱ्यावर फ्रांस्वा म्हाताऱ्यांच्या तोंडून शब्द आणि कथा टिपत होते. त्या कथांत १७८८ची ती वादळी रात्रही होती. बेटाने ती दोनशे वर्षं तोंडी सांभाळली होती.

शेजारपाजारची झटपट फेरी

विडा! सुपारी, पान आणि प्रवाळ भाजून केलेला चुना, हे वानिकोरो आणि टिकोपियातही चघळतात. दक्षिणेला बँक्स आणि टॉरेस बेटांत गेलं की विडा संपतो आणि कावा हे मुळांचं पेय सुरू होतं. मानवशास्त्रज्ञ रिव्हर्स यांनी १९१४ सालीच यावरून मेलानेशियाचे विडेवाले आणि कावावाले असे भाग पाडले होते.

पिसांचा पैसा! सांताक्रूझ बेटावर लाल पिसांच्या लांबलचक गुंडाळ्या चलन म्हणून चालत, मुख्यतः वधूमूल्यासाठी. पक्षी पकडणारा वेगळा, पिसं चिकटवून पट्ट्या करणारा वेगळा आणि त्या बांधून गुंडाळी करणारा वेगळा, असे तीन कारागीर लागत. गुंडाळीचा रंग उडाला की किंमत उतरे.

समुद्रातली वीज! तौमाको आणि रीफ बेटांचे नाविक रात्री पाण्याखाली दिसणाऱ्या उजेडाच्या झटक्यांना ‘ते लापा’ म्हणतात आणि त्यावरून जमीन कुठल्या दिशेला आहे ते ओळखतात. डेव्हिड लुईस यांनी तेवाके या थोर नाविकाबरोबर प्रवास करून १९७२ सालच्या आपल्या पुस्तकात हे सविस्तर सांगितलं.

डावं-उजवं कशाला हवं? टॉरेस बेटांवरची हिउ ही भाषा जेमतेम २८० माणसं बोलतात. तिथे दिशा सांगतात त्या डोंगराकडे, समुद्राकडे, वर आणि खाली अशा. ‘वर’ म्हणजे आग्नेय, कारण व्यापारी वारे तिकडून येतात आणि वाऱ्याच्या तोंडावर जाणं म्हणजे चढ चढणं. घरातली वस्तूसुद्धा याच हिशेबाने सांगायची. ज्या वानुआतु देशात टॉरेस बेटं आहेत, तिथे सुमारे तीन लाख माणसांमागे १३८ भाषा आहेत. माणशी भाषांच्या हिशेबात जगात पहिला नंबर.

मग तिघींची एक का होते आहे?

एवढी शतकं तिन्ही भाषा टिकल्या, मग आता काय झालं? कारणं एकाखाली एक साठत गेली. जहाजांबरोबर आलेल्या साथींनी या भागातली वस्ती खंगवली. मिशनने १९३१ पर्यंत चर्चची भाषा म्हणून मोटा ही बँक्स बेटांवरची भाषा चालवली. १९२० च्या दशकात वानिकोरोवर कौरी झाडांची लाकूडतोड सुरू झाली आणि बाहेरगावचे मजूर आले. कामाच्या जागी चालणारी बोली पिजिन. माणसं कमी झाली, गावं एकत्र आली आणि तिघींतली तेआनू वरचढ ठरली. आज बेटावरचं मूळचं प्रत्येक मूल तेआनूच बोलतं. तरी तिचे बोलणारे हजारही भरत नाहीत.

लोवोनो आणि तानेमाचं काय? २०१२ च्या सुमारास लोवोनो बोलणारी चार माणसं उरली होती. तानेमा बोलणारं एक. एकटं माणूस भाषा बोलतं म्हणजे काय, याचा विचार केला की पोटात गोळा येतो. ‘आपण’ हे रूप त्या भाषेत आता कुणाला उद्देशून वापरायचं?

आणि इथेच ते समान व्याकरण घातक ठरलं, असं माझं मत आहे. भाषा बदलताना माणसाला नव्याने विचार करायला शिकावं लागतं, ती अडचण असते आणि तीच पुष्कळदा जुनी भाषा धरून ठेवते. वानिकोरोत लोवोनोच्या माणसाला तेआनूत यायला फक्त शब्द बदलायचे होते. वाट इतकी सपाट होती की कुणाला ठेच लागली नाही.

तेआनू मात्र ठणठणीत आहे आणि तिच्यासाठी चांगलं कामही झालं आहे. फ्रांस्वा यांनी तिचा कोश तयार करून इंटरनेटवर खुला ठेवला आहे. वानिकोरोच्या भाषांची त्यांनी केलेली ध्वनिमुद्रणं पांग्लोस या फ्रेंच संग्रहात कुणालाही फुकट ऐकता येतात. तेवढ्यासाठी दहा मिनिटं काढा. तेआनू ऐकाच, पण सुरुवात तानेमापासून करा.